पुस्तकातले बाळ आणि आपले बाळ

(मंडळाच्या वर्धापनदिनी भगिनी-मेळाव्यात केलेले भाषण)



मुले कशी वाढवावीत हे सांगणारी पुस्तके व मासिके, असा विषय चिटणीसबाईंनी मला दिला. माझे शिक्षण सातवीपर्यंत. तेव्हा विदुषीसारखे बोलणे मला साधणार नाही. पण तीन मुले वाढविली आहेत, आणि मंडळाच्या कपाटातील या विषयावरची पुस्तके गेली कित्येक वर्षे दुपारच्या वेळी वाचीत आले आहे. जे कळत नाही ते मुलीला विचारते. ती परिचारिकेचे शिक्षण घेत आहे.

आपल्यात एक बोलणे नेहमी ऐकू येते. "आमच्या सासूबाईंनी सहा मुले वाढविली, त्यांनी कुठे पुस्तक वाचले होते?" बोलणे खरे आहे. पण त्यात जी वाढली तीच मोजलेली असतात. आमच्या आजेसासूबाईंना नऊ मुले झाली, त्यातली चार राहिली. त्या हे कधी बोलून दाखवीत नसत. श्रावणातल्या शुक्रवारी जिवतीची पूजा करताना मात्र पदराने डोळे पुसत, असे सासूबाई सांगतात. दोन मुले जुलाबाने गेली. जुलाब होताहेत तर पाणी पाजू नका, अशी त्या वेळची समजूत होती. आणि तहानेने जीभ कोरडी पडलेले पोर पाण्याकडे बघत राही! आज कोणतेही पुस्तक उघडा, पहिली गोष्ट हीच सापडेल की पाणी थांबवायचे नाही. जलसंजीवनीची पुडी आणावी. ती हाताशी नसेल तर उकळून गार केलेल्या एक लिटर पाण्यात चहाचे सहा सपाट चमचे साखर व अर्धा चमचा मीठ घालून घोट घोट पाजावे, अंगावरचे दूध चालू ठेवावे, आणि मूल मलूल दिसले तर दवाखाना गाठावा. एवढे चार ओळींचे ज्ञान त्या घरात त्या दिवशी असते, तर! म्हणून पुस्तकांना नाके मुरडणाऱ्यांशी माझे पटत नाही.

परंतु पुस्तकात छापले म्हणजे ते ब्रह्मवाक्य, असे मानणाऱ्यांशीही पटत नाही. साहेबाच्या देशातली गंमत ऐका. ट्रुबी किंग नावाचे न्यूझीलंडचे एक मोठे डॉक्टर होते. बाळाला घड्याळ बघून चार चार तासांनी दूध द्यावे, रात्री देऊ नये, अशी त्यांची शिकवण. मूल भुकेने रडत आहे आणि आई घड्याळाकडे बघत बसली आहे! अमेरिकेत वॉटसन नावाच्या मानसशास्त्रज्ञांनी 1928 साली पुस्तक लिहिले. मुलांचे मुके घेऊ नयेत, मांडीवर घेऊ नये. फारच वाटले तर रात्री निजताना कपाळावर एकदा ओठ टेकवावेत आणि सकाळी हस्तांदोलन करावे, असे त्यांचे म्हणणे. माझ्या सासूबाईंना हे वाचून दाखविले तेव्हा त्यांनी विचारले, "त्या मेल्याला आई होती का गं?" त्यापुढे मी काय बोलणार?

मग 1946 साली डॉ. स्पॉक यांचे पुस्तक निघाले. आईने स्वतःवर विश्वास ठेवावा, असे त्यांनी सांगितले आणि आयांना हायसे वाटले. कोट्यवधी प्रती खपल्या. पण याच पुस्तकाच्या पुढच्या आवृत्त्यांत, बाळाला पालथे निजवावे असा सल्ला आला. पालथे निजलेली बाळे झोपेतच दगावण्याचा धोका अधिक असतो, हे पुढे अभ्यासाने कळले. 1992 साली अमेरिकेतल्या बालरोगतज्ज्ञांनी सल्ला बदलला, आणि उताणे निजविण्याचा प्रचार सुरू झाल्यावर असे मृत्यू तिकडे निम्म्याहून कमी झाले. म्हणजे भला माणूस, भले पुस्तक, आणि त्यात एक जिवावरची चूक. डॉक्टरांनी ती खोडसाळपणे केली नव्हती. त्या काळी तेवढेच ठाऊक होते. म्हणून मी पुस्तक हाती घेतले की आधी ते कोणत्या साली छापले ते बघते. धान्य घेताना सूप पाखडून बघतो, तसे.

दुसरे बघते ते आजूबाजूचे पान. आपल्या कपाटात मासिकांचे जुने गठ्ठे आहेत. त्यातल्या एका अंकात आईच्या दुधाचे महत्त्व सांगणारा सुरेख लेख आहे, आणि समोरच्याच पानावर डब्यातल्या दुधाची जाहिरात! गुटगुटीत गोरे बाळ. कोणत्या पानावर विश्वास ठेवावा बाईने? पुढे 1992 साली आपल्या सरकारने कायदा केला आणि अशा पावडरींच्या व दुधाच्या बाटल्यांच्या जाहिरातींना बंदी घातली. पहिले सहा महिने नुसते आईचे दूध, वरचे पाणीही नको, असे आता अंगणवाडीताई घरी येऊन सांगतात. मधाचेही तसेच. जन्मल्याबरोबर मध चाटविण्याची आपली जुनी रीत आहे, पण वर्षाच्या आत मध देऊ नये असे डॉक्टर बजावतात. सासूबाईंना हे पटवावयास मला आठ दिवस लागले. तेल लावून न्हाऊमाखू घालणे मात्र त्यांच्याकडूनच शिकावे. ते कोणत्याही पुस्तकात नीट लिहिलेले मला सापडलेले नाही.

आता आपल्या इकडचे सांगते. भावनगरला गिजुभाई बधेका म्हणून होते. मूळचे वकील. घरी मुलगा झाला, त्याला कसे वाढवावे या विचाराने माँटेसोरीबाईंची पुस्तके वाचली, आणि वकिली सुटली ती सुटलीच. 1920 साली त्यांनी बालमंदिर काढले. मुले त्यांना इतकी बिलगत की लोक त्यांना 'मिशीवाली आई' म्हणत. मुलांना मारू नका, बागुलबुवाची भीती घालू नका, हे त्यांनी आईबापांसाठी पुन्हा पुन्हा लिहिले. राजकोटची मुख्याध्यापिकेची नोकरी सोडून आपल्या ताराबाई मोडक त्यांना जाऊन मिळाल्या, आणि 'शिक्षणपत्रिका' त्यांनी मराठीतही चालविली. पण ताराबाईंचे मोठेपण मला त्याच्या पुढच्या गोष्टीत वाटते. 1945 साली त्या बोर्डीला गेल्या, मग 1957 मध्ये कोसबाडला. सोबत अनुताई वाघ. तिथली आदिवासी मुले बालवाडीत येईनात, तेव्हा बालवाडीच पाड्यावर नेली, झाडाखाली, अंगणात. माँटेसोरीची महागडी साधने कोठून आणायची? शंख-शिंपले, बिया, पाने, खडे हीच साधने झाली. गुरे राखणाऱ्या मुलांसाठी कुरणातच शाळा भरली. पुस्तक युरोपातले, पण मूल पाड्यावरचे. आणि त्यांनी मुलाकडे बघून पुस्तक बदलले. आपली सहल डहाणूला गेली तेव्हा ती कोसबाडची टेकडी आपण पाहिली आहे.

एक घरातली गोष्ट, माझ्या धाकट्या जाऊबाईंना विचारून सांगते. त्यांचा मुलगा पावणेदोन वर्षांचा झाला तरी एक शब्द बोलेना. घरातले म्हणाले, याचा बापही उशिराच बोलला. एका मासिकात तिने वाचले की मुलांची तुलना करू नये, प्रत्येकाची गती निराळी. तेही खरेच ना? पण अंगणवाडीतून मिळालेल्या माता-बाल कार्डावर, कितव्या महिन्यात मूल काय करते याची चित्रे असतात. ती बघून तिच्या मनात पाल चुकचुकली. मुलगा खेळत असताना तिने त्याच्या पाठीमागे ताटावर पळी वाजविली. त्याने मान वळविली नाही. दुसऱ्यांदा वाजविली, तरी नाही. घरात थोडी धुसफूस झाली, पण ती बधली नाही. जिल्ह्याच्या गावी जाऊन कान तपासून आणले. दोन्ही कानांनी कमी ऐकू येत होते. वेळीच यंत्र बसले. आज पोरगा पहिलीत आहे आणि मला हाक मारून खाऊ मागतो. तुलना करू नका हे वाक्य मुलाला टोचून बोलणाऱ्यांसाठी आहे, कान तपासायला निघालेल्या आईसाठी नव्हे.

आता कपाटाविषयी. मागच्या बैठकीत सूचना आली की सगळे मोबाइलवर मिळते, तर ही पुस्तके रद्दीत घालावीत. माझा त्याला विरोध आहे. मोबाइलवर कोणी पाठविले, कधी लिहिले, काही पत्ता लागत नाही; पुस्तकावर निदान नाव आणि साल तरी असते, भांडायचे तर कोणाशी ते कळते! 'स्त्री'चे अंक, पुण्याच्या 'पालकनीती'चे अंक आपल्या आधीच्या भगिनींनी भिशीतून पैसे वाचवून घेतले आहेत. औषधोपचाराची जुनी पुस्तके मात्र निराळ्या फळीवर ठेवू आणि वर तांबड्या शाईने साल घालू. मुलीने तेवढे काम करायचे कबूल केले आहे.

दर बुधवारी दुपारी 3 वाजता लेकुरवाळ्या सुनांनी यावे, सासूबाईंनाही आणावे. एकीने वाचावे, बाकीच्यांनी हुंकार द्यावा, न पटले तर तसे बोलावे. मुले बरोबर आणली तरी चालतील. सतरंजी मोठी आहे. किल्ली माझ्याकडे आहे.