बर्फातला एकहाती कलावंत

चित्रपट हे अनेकांच्या हातांचं काम. पण फिनलंडच्या एरिक ब्लोमबेर्ग यांनी त्यातली बरीच जबाबदारी एकट्यानं पेलली. १९१३ साली हेलसिंकीत जन्मलेले ब्लोमबेर्ग आधी छायालेखक म्हणून नावारूपाला आले. १९५२ साली त्यांनी ‘पांढरं रेनडिअर’ हा आपला पहिला कथापट दिग्दर्शित केला. छायालेखन आणि संकलनही त्यांचंच. पटकथा पत्नी मिर्यामी कुओस्मानेन यांच्यासोबत लिहिलेली, आणि नायिकाही त्याच! लॅपलंडमधली नववधू पिरिता मांत्रिकाकडे जाते आणि पांढऱ्या रेनडिअरचं रूप घेऊन शिकाऱ्यांचाच जीव घेऊ लागते. १९५३ साली कान महोत्सवात हा चित्रपट गौरवला गेला. परीक्षक मंडळाचे अध्यक्ष होते झाँ कॉक्तो. ब्लोमबेर्ग यांचा हा कृष्णधवल चित्रपट जरूर पाहा.