पापणीच्या आतली बाजू

(नायगाव येथील वसंत व्याख्यानमालेत दिलेले व्याख्यान)



व्याख्यानमालेच्या चालकांनी विषय विचारला, आणि तो मी ‘डोळ्यांत घालावयाच्या भिंगांमुळे पापणीस होणारा दाह व तीत उठणाऱ्या गाठी’ असा कळविला, तेव्हा ज्या गावचे बरेवाईट अद्याप सोयाबीन, कापूस आणि तूर यांच्या भावावर ठरते तेथे हा शहरी शौकाचा विषय कशासाठी, अशी शंका त्यांच्यापैकी एकाने मोठ्या अदबीने प्रकट केली. शंका रास्त आहे. नेत्ररोग म्हटला की मराठवाड्यातील मनुष्यास मोतीबिंदू आठवतो, शस्त्रक्रियेचे शिबिर आठवते, आणि लातूर जिल्ह्यातील माकेगावचे डॉ. तात्याराव लहाने यांचे नाव तो अभिमानाने घेतो. हे सर्व यथायोग्यच आहे. परंतु मोतीबिंदू हा घरातील वडीलधाऱ्यांचा रोग झाला. त्याच घरातील नातू डॉक्टरकीच्या प्रवेशपरीक्षेसाठी लातुरास किंवा नांदेडास शिकवणीला राहिलेला असतो व त्याला चष्मा लागलेला असतो. नात उपवर झालेली असते, तिलाही चष्मा असतो, आणि पाहुणे पाहावयास येणार त्याच्या दोनच दिवस आधी चष्म्याच्या दुकानातून भिंगांची एक इवलीशी डबी घरात येते. चष्मा दिसला तर स्थळ फिरेल, ही भीती जोपर्यंत आपल्या समाजात शाबूत आहे तोपर्यंत हा विषय नायगावचाच आहे, पुण्या-मुंबईचा नव्हे. आणि त्या भीतीविषयी मला जे वाटते ते सभ्यतेच्या मर्यादेत बोलता येण्याजोगे नसल्याने मी पुढे जातो.

आपण डोळा पाहतो तेव्हा बुबुळ पाहतो, पांढरे पाहतो, फार तर खालची पापणी बोटाने ओढून रक्त कमी आहे काय ते पाहतो. वरच्या पापणीची आतली बाजू मात्र, ती उलटून पाहिल्याखेरीज, कोणाच्याही दृष्टीस पडत नाही. तेथे नेत्रश्लेष्मला नावाचे पातळ, ओलसर, गुलाबी अस्तर असते; निरोगी अवस्थेत ते गुळगुळीत असते. मनुष्य मिनिटास बारा-पंधरा वेळा पापणी लववितो, म्हणजे जागेपणाच्या सोळा तासांत हे अस्तर डोळ्याच्या पृष्ठभागावरून दहा हजारांहून अधिक वेळा फिरते. त्या वाटेत एखादा परका पदार्थ कायमचा बसविला, तर तक्रार प्रथम कोणाकडून येईल हे सांगावयास वैद्यक शिकण्याची आवश्यकता नाही.

पापणीच्या आतल्या पुटकुळ्या आपल्या देशास नव्या नाहीत. सुश्रुताने आपल्या संहितेच्या उत्तरतंत्रात शहात्तर नेत्ररोग सांगितले आणि त्यांतील एकवीस केवळ पापणीचे म्हणून वेगळे काढले. त्यांपैकी पोथकी या रोगात तांबड्या मोहरीएवढ्या, खाजणाऱ्या व पाझरणाऱ्या पुटकुळ्यांचे वर्णन आहे, आणि आधुनिक वैद्य तिचे नाते खुपऱ्यांशी जोडतात. खुपरी हा जंतुजन्य रोग. पाण्याच्या दुर्भिक्षातून, घोंघावणाऱ्या माश्यांतून, एकाच पदराने अनेक मुलांची तोंडे पुसण्यातून तो पसरे, आणि वर्षानुवर्षे चिघळून पापणी आत वळली की तिचे केस बुबुळावर घासून मनुष्य अंध होई. पंजाब, राजस्थान, उत्तर प्रदेश या प्रांतांत त्याचा कहर विशेष होता. भारत सरकारने १९६३ साली त्याविरुद्ध राष्ट्रीय मोहीम उघडली, १९७६ साली तिचा समावेश अंधत्व-नियंत्रणाच्या व्यापक कार्यक्रमात झाला, आणि २०२४ च्या ऑक्टोबरात जागतिक आरोग्य संघटनेने भारतात खुपरी हा सार्वजनिक आरोग्याचा प्रश्न उरला नसल्याचा निर्वाळा दिला. दारिद्र्याची ती पुटकुळी गेली, त्याच जागी काहीशा सुबत्तेची ही दुसरी आली.

आता या दुसरीचा वंश. डोळ्यावर बसविता येईल असे काचेचे भिंग आडॉल्फ फिक या जर्मन वैद्याने १८८८ साली प्रसिद्धीस आणले. ते पांढऱ्यासकट अवघा डोळा व्यापी आणि फार वेळ सोसवत नसे. पुढे प्लास्टिकची कठीण भिंगे आली, १९४८ साली अमेरिकेत केविन टुओही याने ती केवळ बुबुळापुरती लहान केली. परंतु भिंग सर्वांच्या आवाक्यात आणण्याचे श्रेय प्रागच्या ओटो विख्टरले या रसायनज्ञाकडे जाते. पाणी शोषून मऊ होणारा पदार्थ त्याने व त्याच्या सहकाऱ्याने आधीच सिद्ध केला होता. राजकीय कारणांवरून अध्यापनाच्या जागेवरून दूर झालेल्या या गृहस्थाने १९६१ च्या नाताळात, स्वतःच्या घरी, मुलांच्या खेळण्यातील लोखंडी पट्ट्या जोडून व सायकलीच्या डायनामोवर यंत्र फिरवून मऊ भिंगे ओतली. १९७१ साली अमेरिकन सरकारने त्यांच्या विक्रीस परवानगी दिली, आणि लक्षावधी लोक ती घालू लागले.

परवानगीस पुरती तीन वर्षे होतात न होतात तोच, १९७४ साली, स्प्रिंग नावाच्या ऑस्ट्रेलियन वैद्याने मऊ भिंगे वापरणाऱ्यांच्या पापण्यांत एक विलक्षण प्रतिक्रिया दिसते अशी नोंद केली. आणि १९७७ साली बोस्टनच्या मथिया ॲलन्समिथ या विदुषीने तिचे साद्यंत वर्णन केले. पापणी उलटली असता आतील अस्तर लालसर, सुजलेले, आणि फरसबंदीच्या दगडांप्रमाणे एकमेकांस चिकटून उभ्या राहिलेल्या चपट्या माथ्याच्या गाठींनी भरलेले आढळे. तीन-दशांश मिलीमीटरहून मोठी गाठ आज रोगाचे लक्षण मानतात. काहींत ती एक मिलीमीटरच्याही पुढे जाते. पुढे असे दिसले की कृत्रिम डोळा बसविलेल्यांस, किंवा शस्त्रक्रियेच्या टाक्याचे टोक उघडे राहिलेल्यांसही हाच विकार जडतो. म्हणजे अपराध केवळ भिंगाचा नव्हे, घासणाऱ्या कोणत्याही परक्या वस्तूचा आहे.

तथापि घर्षण हे कारणांपैकी एकच. अश्रूंत लायसोझाइमसारखी प्रथिने असतात, तेलकट अंश असतो; भिंग डोळ्यात गेल्याबरोबर काही क्षणांत त्यांचा लेप त्यावर बसू लागतो आणि दिवसानुदिवस घट्ट होत जातो. जी प्रथिने शरीराची स्वतःचीच, ती भिंगावर वाळून, रूप पालटून पापणीपुढे येतात तेव्हा शरीराची संरक्षक व्यवस्था त्यांना ओळखीनाशी होते आणि परकीय समजून त्यांच्यावर चाल करते. दम्याच्या व शीतपित्ताच्या मुळाशी असलेल्या पेशीच येथे गोळा होतात. म्हणून हा रोग पहिल्या आठवड्यात होत नाही. कित्येक महिने भिंग निर्धोक चालते, मनुष्य निश्चिंत होतो, एकच जोडी तिची मुदत उलटून गेल्यावरही वापरतो, आणि मग रोग उगवतो.

त्याची लक्षणे मुद्दाम विस्ताराने सांगतो, कारण ती दिसू लागतात त्याच अवस्थेत तो आटोक्यात येतो. रात्री भिंग काढल्यावर डोळ्यांस खाज सुटते. लोकांना वाटते भिंग काढले म्हणून आराम मिळावा, तर उलट खाज वाढते. सकाळी नाकाकडील कोपऱ्यात दोरीसारखे चिपड साठते. काही तास भिंग वापरले की अंधुक दिसू लागते, कारण त्यावर चिकट स्राव बसलेला असतो. पुढे भिंग जागेवर राहात नाही, पापणीबरोबर वर ओढले जाते. आणि अखेरीस ते डोळ्यात क्षणभरही सोसवत नाही. पापणीच्या कडेवर दुखरी रांजणवाडी येते तो प्रकार निराळा, आणि साथीत डोळे येतात तोही निराळा. त्यांची औषधे येथे चालत नाहीत.

मराठवाड्याची हवा या विकारास अनुकूल आहे हे कबूल केले पाहिजे. उन्हाळ्यात पारा बेचाळिसाच्या पुढे जातो, नांदेड-देगलूर रस्त्यावर धूळ अहोरात्र उडते, मळणीच्या दिवसांत सोयाबीनचा भुसा गावभर तरंगतो. अशा उष्ण-कोरड्या मुलखात पाच ते पंधरा वयाच्या मुलांना, विशेषेकरून मुलग्यांना, दर उन्हाळ्यात डोळ्यांना एक प्रकारची वावड्याची खाज येते; तिच्यातही वरच्या पापणीत मोठ्या गाठी उठतात, मग भिंग डोळ्यात गेलेले असो वा नसो. ही मुले डोळे इतके चोळतात की काहींचे बुबुळ पातळ होऊन शंकूसारखे पुढे येते, चष्म्याने त्यांना नीट दिसेनासे होते, आणि त्यांच्यासाठी कठीण भिंग ही चैन नसून गरज ठरते. हाच या विषयातील खरा पेच आहे: ज्याची पापणी आधीच चिडलेली, त्यालाच भिंग अपरिहार्य. असे रुग्ण आपल्या भागातून बहुधा हैदराबादेस, एल. व्ही. प्रसाद नेत्रसंस्थेसारख्या ठिकाणी जातात, आणि त्यांनी जावेच. पण मुलाने डोळे चोळू नयेत म्हणून वेळीच औषध घातले असते तर कित्येकांचा तो प्रवास टळला असता.

पाण्याचीही एक गोष्ट आहे. २०१६ च्या एप्रिलात लातुरास मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले, हे आपण विसरलेलो नाही. जेथे पाणी साठवून वापरण्याची सवय हाडीमाशी खिळली आहे तेथे भिंग धुण्याचे द्रव संपले की माठातले अथवा नळाचे पाणी वापरणे स्वाभाविक वाटते. ते वापरू नये. त्या पाण्यातील अकॅन्थामीबा नावाचा सूक्ष्म जीव बुबुळात शिरला तर जे संकट ओढवते त्यापुढे पापणीच्या गाठी क्षुल्लक होत.

उपाय फार गहन नाहीत. त्यांस धीर मात्र लागतो. भिंग तीन-चार आठवडे, प्रसंगी अधिक, सर्वथा बंद करावे. खाज आधी थांबते, गाठी पुष्कळदा महिनोन्‌महिने राहतात; त्या राहिल्या म्हणून घाबरू नये. थंड पाण्याच्या घड्या बाहेरून ठेवाव्या, वैद्याने दिलेले वावडेविरोधी थेंब घालावे, तेही भिंग डोळ्यात नसताना. पुन्हा भिंग लावायचेच झाल्यास रोज टाकून द्यावयाचे, नवे, घ्यावे. ते परवडत नसेल तर चष्मा लावावा. आणि ज्यांच्या घरी औषधाच्या दुकानातून परस्पर आणलेली स्टिरॉइडची बाटली आहे त्यांनी ती आजच बाजूला काढावी. त्या थेंबांनी दोन दिवसांत डोळा पांढरा होतो खरा, पण देखरेखीवाचून ते दीर्घकाळ घातल्यास काचबिंदू होतो आणि गेलेली दृष्टी परत येत नाही.

रंगीत भिंगांविषयी एवढेच, की लग्नसराईत ती नंबर नसतानाही, मापाशिवाय, कधी कधी एकीच्या डोळ्यातून काढून दुसरीच्या डोळ्यात घातली जातात. अमेरिकेने २००५ सालीच अशी नुसत्या शोभेची भिंगेही वैद्यकीय साधनांच्या कायद्याखाली आणली. कायद्याची वाट आपण पाहू नये. वधूच्या आईने नाही म्हटले तरी पुरे.

चष्म्याच्या दुकानात नंबर तपासतात, चौकट निवडून देतात, पैसे मोजून घेतात. पापणी उलटून पाहण्याचा परिपाठ बहुतेक ठिकाणी नाही. म्हणून माझी येथे जमलेल्या पालकांना विनंती आहे: भिंग घेण्यापूर्वी, आणि घेतल्यावर सहा महिन्यांतून एकदा, नांदेडास विष्णुपुरीच्या शासकीय रुग्णालयात असो वा गावच्या नेत्रवैद्याकडे असो, मुलाला किंवा मुलीला घेऊन जा आणि वरची पापणी उलटून पाहा असे आपण होऊन सांगा, ते पाहावयास अर्धे मिनिट लागते.