उजव्या बगलेचा बंदोबस्त



फुटबॉलच्या खेळात ज्याने गोल केला त्याचे नाव दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात ठळक टायपात छापून येते, आणि ज्याच्यामुळे गोल झाला नाही त्याचे नाव संघाच्या यादीत गोलरक्षकाच्या पाठोपाठ जेथे छापले जाते तेथेच पडून राहते. हा अन्याय खेळाच्या प्रकृतीतच आहे व त्याविषयी तक्रार करण्यात अर्थ नाही. परंतु ग्लासगो शहरातील सेल्टिक संघाच्या उजव्या बगलेचा मुखत्यार म्हणून १९७० पासून १९८७ पर्यंत वावरलेल्या डॅनी मॅकग्रेनच्या वाट्याला आणखी एक चमत्कारिक अन्याय आला. त्याचा विषय निघाला की जो तो त्याच्या दुखण्यांची कैफियत सांगू लागतो, आणि त्या सहानुभूतीच्या भरात त्याचे कसब बाजूलाच राहते. मला आज त्या कसबाविषयी बोलावयाचे आहे. दुखणी ओघात येतील तेवढी येऊ द्यावीत.

मॅकग्रेनचा जन्म १ मे १९५० रोजी ग्लासगोत झाला आणि शहराच्या वायव्य सीमेवरील ड्रमचॅपेल या वसाहतीत तो वाढला. त्या शहरात फुटबॉलची आणि धर्मपंथाची वाटणी एकाच रेषेवर झालेली होती. रेंजर्स हा प्रॉटेस्टंटांचा संघ, आणि सेल्टिक हा आयर्लंडहून पोटासाठी आलेल्या कॅथलिकांच्या मुलांना दोन घास मिळावेत, त्यासाठी निधी उभा राहावा, या हेतूने ब्रदर वॉलफ्रिड नावाच्या धर्मबंधूने १८८७ साली स्थापन केलेला. मॅकग्रेन प्रॉटेस्टंट घरातला आणि लहानपणापासून रेंजर्सचा चाहता. तरीही डॅनियल फर्गस मॅकग्रेन हे त्याचे पूर्ण नाव ऐकताच रेंजर्सच्या पारखी माणसाने हा मुलगा कॅथलिकच असला पाहिजे असा निवाडा मनातल्या मनात देऊन टाकला आणि त्याचा नाद सोडला, अशी कथा ग्लासगोत अद्याप सांगतात. आडनावावरून जात ताडण्याची विद्या केवळ आपल्याच देशात परिपूर्णतेला पोचली आहे, असा ज्यांचा अभिमान असेल त्यांनी या कथेची नोंद घ्यावी. सेल्टिकचे व्यवस्थापक जॉक स्टीन हे स्वतःच प्रॉटेस्टंट कुटुंबातले असल्याने त्यांना असल्या दाखल्यांची मातब्बरी नव्हती. ज्या १९६७ साली त्यांच्या संघाने लिस्बनमध्ये इंटर मिलानला २-१ असे हरवून युरोपीय चषक जिंकला, त्याच साली हा मुलगा त्यांच्या पदरी आला. केनी डॅलग्लिश, लू मकारी, डेव्हिड हे हे त्या वेळचे त्याचे उमेदवारीतले सोबती.

प्रारंभी तो मधल्या फळीत खेळे. त्याला बॅकच्या जागी नेऊन बसविले ते स्टीनने, आणि मधल्या फळीतली दृष्टी मॅकग्रेनने तेथेही टाकली नाही. बॅकने प्रतिपक्षाच्या विंगरला आडवे जावे, चेंडू मिळाला तर मैदानाबाहेर भिरकावून द्यावा आणि कपाळावरचा घाम पुसून पुन्हा आपल्या जागी उभे राहावे, एवढीच ज्या काळी पुष्कळ ठिकाणी त्या हुद्द्याची व्याख्या होती, त्या काळी हा माणूस विंगरच्या अंगावर धाव घेण्याची घाई करीत नसे. तो दोन पावले मागे सरत सरत त्याला कडेच्या रेषेकडे नेई, जागा अशी आवळीत आणी की पुढे वाट उरू नये, आणि चेंडू पायापासून वीतभर सुटला की अलगद काढून घेई. नंतर तोच चेंडू घेऊन आपल्या विंगरलाही मागे टाकून प्रतिपक्षाच्या हद्दीत शिरे आणि तेथून गोलसमोर आडवा पास देई. त्याचे स्वतःचे गोल बोटांवर मोजण्याइतकेच; पण एका बगलेवर बंदोबस्त आणि चढाई ही दोन्ही खाती एकाच इसमाने, आणि एकाही खात्यात थकबाकी न ठेवता सांभाळावीत, हे दृश्य विरळा होय.

१९७४ सालच्या विश्वचषकात स्कॉटलंडच्या संघात उजवी बगल रेंजर्सच्या सँडी जार्डिनकडे होती. तेव्हा मॅकग्रेन तक्रार न करता डाव्या बगलेला गेला. झैरेवर २-० असा विजय, ब्राझीलशी ०-०, युगोस्लाव्हियाशी १-१, असे एकही सामना न हरता स्कॉटलंड केवळ गोलफरकामुळे बाद झाला. ज्या दोन संघांच्या अनुयायांनी एकमेकांकडे पाहून तोंडे फिरवावीत, त्यांचे दोन बॅक त्या तीन सामन्यांत दोन टोकांना उभे होते आणि तिन्ही मिळून एकच गोल स्कॉटलंडवर झाला. नावावरून ज्याला एका दारातून परत पाठविले, त्याने त्याच दाराच्या माणसाशी असा मेळ बसवावा, यातला काव्यगत न्याय मला तरी विलक्षण वाटतो.

आता दुखणी. १९७२ साली फॉलकर्कविरुद्ध एका टकरीत त्याच्या कवटीचे हाड मोडले. तो बरा होऊन परतला. १९७४ च्या स्पर्धेत त्याचे वजन झपाट्याने उतरू लागले होते, तहान भागत नव्हती. घरी परतल्यावर मधुमेहाचे निदान झाले, आणि तेव्हापासून सुईने घ्यावयाचे इन्शुलिन हा त्याच्या दिनचर्येचा भाग झाला. त्यानंतरही तेरा वर्षे तो सेल्टिककडून खेळला. तिसरा आघात ऑक्टोबर १९७७ चा. हिबर्निअनविरुद्ध पायाला झालेली दुखापत महिनोन् महिने बरी होईना, आणि १९७८ सालचा अर्जेंटिनातील विश्वचषक त्याच्या हातून गेला. त्या स्पर्धेत पहिल्याच सामन्यात पेरूच्या वेगवान विंगरांनी दोन्ही बगलांवर स्कॉटलंडच्या बॅकची जी दैना केली आणि ३-१ असा जो निकाल लागला, तो मॅकग्रेनच्या कसबाचा मला सापडलेला सर्वांत सज्जड पुरावा आहे. बचावपटूची किंमत त्याच्या अनुपस्थितीत कळते. आणि दुर्दैवाने ती कळण्यासाठी पराभवच लागतो.

१९७७ पासून तो सेल्टिकचा कर्णधार होता, आणि लंगडत परतल्यावर, २१ मे १९७९ च्या रात्री, रेंजर्सविरुद्ध एक गोल पिछाडीवर असताना व जॉनी डॉईलला बाहेर काढल्यामुळे दहाच खेळाडू उरलेले असताना, त्याच्या संघाने ४-२ असा सामना आणि त्याबरोबर लीगचे अजिंक्यपद जिंकले. १९८२ च्या विश्वचषकात न्यूझीलंडविरुद्ध तो देशाचा कर्णधार होता. त्याच स्पर्धेत ६२ वा आंतरराष्ट्रीय सामना खेळून त्याची ती मुदत संपली. पुढल्या वर्षी सरकारने एम.बी.ई.चा किताब दिला. किताबांविषयी अधिक बोलण्याचे कारण नाही.

पण ३ मे १९८६ चा सामना सांगितल्यावाचून मला पुढे जाववत नाही. लीगच्या अजिंक्यपदासाठी सेल्टिकला पेझली येथे सेंट मिरेनला मोठ्या फरकाने हरवायचे होते, आणि अग्रेसर हार्ट्‌सनी डंडी येथे हरायला हवे होते. संघाचा तिसरा गोल पाहावा: चेंडू स्वतःच्या बचावातल्या उजव्या कोपऱ्यात, दाटीत, दोनच दिवसांपूर्वी छत्तिशी पुरी केलेला दाढीवाला मॅकग्रेन तो लाथाडून दूर करण्याऐवजी सहकाऱ्याकडे सोपवितो, आणि तेथून पायापायांतून साऱ्या मैदानाची लांबी ओलांडून तो मो जॉन्स्टनच्या पायाने जाळ्यात जातो. सामना ५-० सुटला. तिकडे डंडीच्या अल्बर्ट किडने शेवटच्या काही मिनिटांत दोन गोल केले आणि गोलफरकावर अजिंक्यपद सेल्टिककडे आले. हाच कॅथलिक जॉन्स्टन तीन वर्षांनी उजळ माथ्याने रेंजर्समध्ये दाखल झाला, तेव्हा ग्लासगोत जो गहजब झाला तो मॅकग्रेनने बहुधा मंद हसूनच पाहिला असेल.

साडेसहाशेंहून अधिक सामने खेळून १९८७ साली त्याने सेल्टिक सोडले, हॅमिल्टनमध्ये थोडा काळ काढला, आणि नव्वदच्या दशकात आर्ब्रोथ या समुद्रकाठच्या छोट्या गावच्या संघाचा तो व्यवस्थापक झाला. तेथील प्रेक्षकांनी स्वतःला ‘डॅनी मॅकग्रेनची दाढीवाली फौज’ असे नाव घेतले आणि खोट्या दाढ्या लावून ते सामन्यांना येऊ लागले. पुढे सेल्टिकनेच त्याला परत बोलावून आपल्या उमेदवार मुलांना शिकविण्याचे काम दिले.