वेड, व्यंग आणि आपला समाज
(ज्ञातिमंडळाच्या वार्षिक संमेलनातील भाषण)



या व्यासपीठावरून शिक्षण, वसतिगृह, हुंडा व वधूवरपरिचय या विषयांचा ऊहापोह आपण दरवर्षी करीत आलो आहोत. आज ज्यांना आपण या मंडपात आणीतच नाही, अशा आपल्याच माणसांविषयी बोलण्याचे आम्ही योजिले आहे. पाहुणे आले म्हणजे ज्यांच्या खोलीचे दार ओढून घेतले जाते, शिरगणती करणाऱ्यापुढे ज्यांचे नाव घेताना घरचा कर्ता अडखळतो, ती ही माणसे. कोणी भ्रमिष्ट, कोणी पांगळा, कोणी जन्मतः बहिरा.

प्रथम आपली बोलीच पाहू. ‘वेड पांघरून पेडगावला जाणे’ असे आपण म्हणतो, तेव्हा वेड हे सोंग ठरते. विठ्ठलाचे वेड म्हणतो, तेव्हा तेच वेड साक्षात्काराच्या पदवीस चढते. खोट्या कारणाला आपण ‘लंगडी सबब’ म्हणतो. म्हणजे वेड हे सोंग तरी असते, नाहीतर दैवी देणगी तरी. तो उपचाराने हटणारा आजार असू शकतो, या विचाराला आपल्या वाक्प्रचारांत जागाच उरलेली नाही. शब्दांत जे नसते ते आचारात सहसा येत नाही.

तथापि आपल्या परंपरेत याहून उदार विचार नाही असे मात्र नाही. आपल्याच जिल्ह्यातील तेरचे संत गोरोबाकाका घ्या. घातलेल्या शपथेचा भंग झाला म्हणून त्यांनी स्वतःचे हात तोडून घेतले आणि पुढे पंढरपुरी नामदेवांच्या कीर्तनात ते हात परत आले, ही कथा आपण लहानपणापासून ऐकत आलो. हात परत आले त्या क्षणी कीर्तनकार टाळ्या घेतो. परंतु मधल्या काळाचा विचार कोण करतो? कुंभाराला हात नाहीत, तेव्हा चाक कोणी फिरवले, आवा कोणी रचला, घास कोणी भरवला? आणि ज्याचे हात कधीच परत यावयाचे नाहीत, त्याने कोणत्या कीर्तनाची वाट पाहावी?

याचे उत्तर दुसऱ्या एका कथेत आहे. पैठणचे कूर्मदास हातापायांवाचून जन्मले. पंढरीची ओढ अनावर झाली, तेव्हा ते लोळत वाटेला लागले आणि माढे तालुक्यातील लऊळपर्यंत येऊन त्यांचे बळ संपले. तेथे विठ्ठल स्वतः त्यांना भेटावयास आला, असे भक्तिकथा सांगते. या कथेत कूर्मदासांना हातपाय फुटत नाहीत. ते जसे आहेत तसेच राहतात. चालावे लागते ते देवाला. आज जगभर अपंगांच्या चळवळी हेच सांगत आहेत की अडचण केवळ शरीरात नसून पायऱ्यांत, कचेऱ्यांत आणि आपल्या वृत्तीत आहे. 2006 मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या महासभेने स्वीकारलेल्या व 2007 मध्ये भारताने मान्य केलेल्या अपंगहक्क कराराचे मर्म हेच आहे. वारकरी कथेने ते कितीतरी आधी ओळखले होते, एवढेच आम्ही नमूद करतो.

धर्मशास्त्राची गोष्ट मात्र निराळी होती. उमरग्याच्या सीमेपलीकडे असलेले बसवकल्याण हे चालुक्यांची राजधानी असताना विज्ञानेश्वराने तेथे मिताक्षरा लिहिली. पांगळा, उन्मत्त, जड आणि आंधळा यांस पोसावे, पण वाटा देऊ नये, हा याज्ञवल्क्याचा नियम तीत स्पष्ट केला आहे. औषधाने दोष नाहीसा झाल्यास वाटा मिळावा आणि निर्दोष मुलांचा हक्क जाऊ नये, एवढी उदारता त्या शास्त्रात होती, हेही न्यायाने सांगितले पाहिजे. ब्रिटिश हिंदुस्थानात 1928 च्या कायद्याने हा निर्बंध पुष्कळ सैल केला आणि 1956 च्या हिंदू उत्तराधिकार कायद्याच्या 28 व्या कलमाने तो मुळापासून काढून टाकला. रोग, व्यंग वा वैगुण्य यांमुळे कोणाचाही वारसाहक्क आता जात नाही. तरीही वाटणीच्या वेळी ‘त्याला जमीन काय करावयाची, आम्ही सांभाळूच की’ हे वाक्य गावोगाव ऐकू येते. सांभाळणारे हात एक दिवस थकतात, भावजया निराळ्या होतात आणि वाटा नसलेला माणूस भाकरीपुरता परका होतो. कायदा बदलून साठ वर्षांहून अधिक काळ लोटला. आपल्या वाटण्या अद्याप मिताक्षरेनेच चालाव्यात काय?

आता वेडाविषयी. आपल्याकडे भ्रमिष्टाच्या वाट्याला दोन टोके येतात. त्याच्यात देव पाहून कोणी त्याच्यापुढे नारळ ठेवतो, नाहीतर भूत पाहून कोणी त्याला साखळीने बांधतो. आपल्या मराठवाड्यात भानामतीच्या नावाखाली कित्येक स्त्रियांचे दुःख असेच झाकले गेले. 2013 च्या महाराष्ट्राच्या जादूटोणाविरोधी कायद्याने ही दोन्ही टोके गुन्हा ठरविली आहेत. भूत उतरविण्याच्या बहाण्याने बांधणे वा मारणे जसे निषिद्ध, तसेच मतिमंद व्यक्तीत अलौकिक शक्ती आहे असे भासवून तिच्यावर धंदा करणेही निषिद्ध. 2001 च्या ऑगस्टमध्ये तामिळनाडूतील एरवाडी येथे आग लागली, तेव्हा साखळदंडात अडकलेले 28 रुग्ण पळू न शकल्याने मृत्यू पावले. 2017 च्या मानसिक आरोग्य कायद्याने मनोरुग्णास कोणत्याही प्रकारे साखळीने बांधण्यास मनाई केली, ती अशा दुःखांच्या राखेवर उभी आहे.

ठाणे, पुणे, नागपूर व रत्नागिरी येथील जुनी मनोरुग्णालये मराठवाड्याबाहेर आहेत. येरवड्यापर्यंत रुग्ण नेणे म्हणजे सुमारे अडीचशे किलोमीटरांचा प्रवास. त्यामुळे आपल्या लोकांनी मांत्रिकाचा उंबरा झिजविला, यात सारा दोष अज्ञानाचाच नव्हता. परंतु 1993 च्या 30 सप्टेंबरच्या पहाटेचा भूकंप आणि त्यानंतरच्या दुष्काळांनी मन कसे मोडते, हे या जिल्ह्याने डोळ्यांनी पाहिले आहे. 2015 मध्ये शेतकऱ्यांच्या आत्महत्या रोखण्यासाठी बळीराजा चेतना अभियान ज्या दोन जिल्ह्यांत सुरू झाले, त्यांत आपला जिल्हा होता. 2022 पासून टेलिमानसच्या 14416 या क्रमांकावर मराठीतूनही विनामूल्य सल्ला मिळतो. हा क्रमांक प्रत्येक घरच्या दिनदर्शिकेवर लिहून ठेवावा.

बहिरेपणाविषयी दोन शब्द. आपण ज्याला मुका म्हणतो तो बहुधा बहिरा असतो; शब्द कानांवर पडत नाहीत म्हणून तोंडी येत नाहीत. ‘उशिरा बोलेल, बापही उशिराच बोलला’ म्हणून पहिली दोन-तीन वर्षे दवडली, तर भाषेचा सर्वोत्तम काळ हातचा जातो. जन्मतःच कान तपासता येतात. श्रवणयंत्र, कॉक्लिअर इम्प्लान्ट आणि खुणांची भाषा हे मार्ग आहेत. खुणांची भाषा म्हणजे माकडचेष्टा नव्हे. तिचे स्वतंत्र व्याकरण आहे आणि भारतीय सांकेतिक भाषेच्या कोशात 2021 पर्यंत दहा हजार शब्द आले आहेत.

येथे एक अप्रिय गोष्ट बोलणे भाग आहे. मामाची मुलगी करण्याची चाल आपल्या भागात रूढ आहे. सख्ख्या मामेआते भावंडांत सरासरी एक अष्टमांश आनुवंशिक अंश समान असतो. एकच सुप्त दोष आईबाप दोघांकडे असेल, तर प्रत्येक अपत्यास तो प्रकट होण्याचा संभव चारांत एक असतो. जन्मजात बहिरेपणाच्या कित्येक प्रकारांचे कारण हेच आहे. मूल बहिरे निपजले की सुनेच्या पायगुणाला बोल लावला जातो. पण असा दोष दोन्ही घरांकडून येतो, आणि नाते जवळचे असेल तर त्या दोन घरांचे आजोबा एकच असतात.

म्हणून मंडळापुढे आम्ही तीन सूचना नम्रपणे ठेवीत आहोत. पहिली, मंडळाच्या कुटुंबसूचीत प्रत्येक घरातील अपंग व मनोरुग्ण सभासदाचे नाव, त्याची व घरच्यांची संमती असल्यास, इतरांच्या बरोबरीने छापावे. दुसरी, शिष्यवृत्तीत त्यांच्यासाठी स्वतंत्र रक्कम असावी आणि 2016 च्या कायद्याने मान्य केलेल्या 21 प्रकारच्या अपंगत्वांची प्रमाणपत्रे मिळवून देण्यास कार्यकर्ते नेमावेत. तिसरी, एका भावंडाच्या व्यंगामुळे दुसऱ्याचे लग्न मोडणार नाही, असा ठराव याच अधिवेशनात व्हावा. घरोघरी दार ओढून घेतले जाते ते मुख्यतः या एका भीतीपोटी. ही भीती समाजाने निर्माण केली आहे. ती दूर करणेही समाजालाच शक्य आहे.

पुढल्या वर्षी या मंडपाच्या पायऱ्यांशेजारी एक उतरण असावी आणि पुढल्या रांगेत आज घरी राहिलेली आपली माणसे बसावीत, एवढीच इच्छा व्यक्त करून आम्ही आपली रजा घेतो.