नागिसाच्या आधी

जपानमध्ये व्हिज्युअल नॉव्हेल नावाचा एक प्रकार आहे. म्हणायला व्हिडिओ गेम, पण खरं काम वाचण्याचं. पडद्यावर चित्र, त्याखाली मजकूर आणि मधूनच दोन-तीन पर्याय. त्यांतून निवडाल तशी नायकाची जोडी जमते, किंवा जमत नाही. खेळणारे वळणावर गेम सेव्ह करतात, एक शेवट पाहून मागे येतात आणि दुसरीचा हात धरतात. वाचलेला मजकूर भराभर पळवायची सोय असतेच.

हा चावटपणा वाटेल. पण ‘की’ या कंपनीचा २००४ सालचा ‘क्लॅनाड’ घ्या. नायक तोमोया, वडिलांशी धड बोलत नाही, शाळेत उनाड. शाळेच्या चढावर त्याला नागिसा भेटते. आजारपणात तिचं वर्ष गेलेलं. थेट तिच्याच मागे गेलात तर गोष्ट शाळेपाशी थांबते. संसार बघायचा तर आधी इतरांकडे जाऊन यावं लागतं. ग्रंथालयात एकटी बसणारी कोतोमी. किंवा फूको: ती खरी इस्पितळात बेशुद्ध आहे, तरी शाळेत फिरून, बहिणीच्या लग्नाला या म्हणत लाकडाचे स्टारफिश वाटते. अशी एकेक गोष्ट तडीस गेली की उजेडाचा एक गोळा मिळतो.

कुठल्या दिवशी कुठे वळायचं, याच्या तयार याद्या मिळतात. पहिल्या खेपेला त्या उघडू नयेत, असं माझं मत. नंतर खुशाल बघा. सगळं तर्काने सुचत नाही.

आता शेवट सांगतो. ज्यांना खेळायचंय त्यांनी आवाज बारीक करावा. नागिसा बाळंतपणात जाते. तोमोया पाच वर्षं मुलीकडे पाठ फिरवतो, आणि जवळ घेतो न घेतो तोच तीही आजारी पडून जाते. हे बदलतं ते साठलेल्या उजेडामुळे: काळ मागे फिरतो, नागिसा वाचते. गंमत अशी, की नागिसाच्या या नवऱ्याच्या लेखी बाकीच्या प्रेमकथा घडलेल्याच नाहीत. त्या घडल्या फक्त खेळणाऱ्यापुरत्या.

क्योतो ॲनिमेशनने २००७ पासून याची मालिका केली, तेव्हा हेच आडवं आलं. मालिकेला मागे येता येत नाही. म्हणून तिथला तोमोया फूकोला, कोतोमीला मदत करतो, प्रेमात पडत नाही. गेममधल्या आणखी दोन मुली, तोमोयो आणि क्यो, यांच्या वाट्याचं प्रेम मात्र मालिकेबाहेर, एकेका जादा भागात दाखवावं लागलं.