सुरूरनंतर वाई



स्मृतिभ्रंश झालेले आईवडील गेले की घरात एक विचित्र गोष्ट घडते. सत्तर वर्षं धडधाकट जगलेला माणूस मागे पडतो आणि बोलण्यात येतात ती शेवटची चार-पाच वर्षंच. मागचा माणूस पुन्हा हाती लागावा, तर तयारी तो असतानाच करावी लागते.

अल्झायमरमध्ये मेंदूतला हिप्पोकॅम्पस बहुधा आधी खराब होतो. नव्या आठवणी साठवायचं काम त्याचं. म्हणून सकाळचं जेवण दुपारी आठवत नाही, पण तिशीतलं लख्ख आठवतं. हाच काळ आपण परीक्षा घेण्यात घालवतो. ‘मी कोण, सांगा बरं?’ पाहुणे आले की हमखास! माणूस कानकोंडा होतो, हळूहळू बोलणंच टाकतो.

आमचे अण्णा एसटीत कंडक्टर, पुणे-वाई गाडीवर. माझं नाव सुटलं त्यानंतरही, भावानं जुन्या बाजारातून आणलेला तिकिटांचा पंच हातात दिला की तो टिकटिकवत म्हणायचे : स्वारगेट, कात्रज, खेड शिवापूर, कापूरहोळ, शिरवळ, खंडाळा, सुरूर, वाई. थांबा चुकायचा नाही. मी ते मोबाइलवर रेकॉर्ड केलं. त्यात मध्येच मला दटावतात, ‘सुट्टे काढा बाई, मागं लोक खोळंबलेत!’ पोटच्या मुलीला बाई! मला हसूच आलं. ड्यूटीवरचे अण्णा मी कधी पाहिलेच नव्हते. ते या आजारात भेटले.

तुमच्या घरी पंच नसेल, शिवणयंत्र असेल, मेथीची जुडी असेल. ती हातात द्या आणि गप्प बसून ऐका. फोटो सगळ्यांकडे ढीगभर असतात, आवाज नसतो. बाकीचं सोबत्यांना विचारा. घरी कधी चहा न केलेले अण्णा मुक्कामाच्या गाडीवर पिठलं फक्कड करायचे, हे ड्रायव्हरकाकांनी सांगितलं तेव्हा आई चाटच पडली!

अण्णांच्या आठवणींच्या वहीत आजारपणातलं लिहू नकोस, असं भाऊ म्हणतो. अण्णांची शोभा होईल. अब्रूला धक्का लागेल असं मीही लिहिलेलं नाही. पण रात्री पिशवी भरून ते दाराशी बसायचे आणि पहिली गाडी लागली का, म्हणून विचारायचे, हे वहीत आहे. भावाला वही अजून दाखवलेली नाही.