काळ्या दगडाचे दिवस



जामसांवलीच्या निद्रिस्त मारुतीच्या दर्शनाला येणाऱ्या किती भाविकांना ठाऊक असेल की, या सौंसर तालुक्यातील काळा दगड एकेकाळी विलायतेच्या पोलाद-भट्ट्यांत जात असे? १९०५ साली रशियात क्रांतीचा वणवा पेटला. कॉकेशसमध्ये बाकूच्या तेलविहिरी जळाल्या, चियातुराचे मँगनीज अडले, आणि भाव चढला तो आपल्याकडे! सीतापार, गोवारी-वडोना, काछीढाणा ही नावे सरकारी अहवालांत झळकली. फर्मर या भूवैज्ञानिकाने तर येथल्या एका खनिजाला ‘सीतापाराइट’ म्हटले. १९०७ च्या अमेरिकेतील अर्थसंकटानंतर भाव कोसळले. खाणींचे दैव खाणींच्या हाती नव्हतेच. पुढे ते खनिज म्हणजे अमेरिकेत आधीच नोंदलेले बिक्सबाइट असल्याचे ठरले आणि सीतापारचे नावही गेले. सौंसर तेवढे खडकांच्या एका समूहाचे नाव म्हणून भूविज्ञानात टिकले.

बाकूवर कादंबऱ्या झाल्या. आपल्या खाणींत टोपल्या वाहणाऱ्या बायाबापड्यांवर मराठीत लिहिलेली एक ओळही माझ्या वाचनात नाही. या शाळेत तर त्यांचीच पणतवंडे शिकून गेली असतील. त्यांनी घरी ऐकलेले आता कागदावर उतरवावे, एवढेच मागणे आहे.